ब्रॅकनलीची बाग

नोव्हेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात सूर्य टेकडीआड गेला, की हेस्टर ग्विलियमच्या अंगणात तो थेट फेब्रुवारीतच परतायचा. खाली पेनहोप गावात ऊन पडायचं, चर्चचा मनोरा उजळायचा, नदीपलीकडच्या वेल्सच्या डोंगरांवर तर दुपारभर ऊन लोळत असायचं. हेस्टरच्या दारात मात्र तीन महिने संध्याकाळच. गावातल्या बायका म्हणायच्या, त्या घळीत बटाटासुद्धा रुसून बसेल. लग्न होऊन आल्यावर पहिली काही वर्षं तिने गुलाब लावून पाहिले. दोन पावसाळी उन्हाळे कसेबसे काढून त्यांनी माना टाकल्या आणि तिनेही तो नाद सोडला.

मग एका वर्षी जुन्या पाद्रीसाहेबांची बायको गाव सोडून जाताना तिच्या दारात थांबली. वर्तमानपत्रात गुंडाळलेला मातीसकट एक गड्डा तिने हेस्टरच्या हातात ठेवला आणि म्हणाली, "हेलेबोर आहे. याला ऊन दाखवू नकोस म्हणजे झालं."

हेस्टरने तो हेझलच्या झाडांखाली लावला आणि विसरली. जानेवारीत बर्फ पडलं. सरपण आणायला ती मागे गेली तेव्हा बर्फातून चार देठ वर आलेले आणि प्रत्येकावर खाली मान घातलेलं एकेक फूल. हेलेबोरचं फूल उभ्या माणसाला तोंड दाखवत नाही. गुडघे टेकावे लागतात, हनुवटीखाली बोट घालून वर उचलावं लागतं, तेव्हा कुठे ते आतून कसं आहे ते कळतं. हेस्टरने सरपण खाली ठेवलं, गुडघे ओले करून घेतले आणि एकेक फूल उचलून पाहिलं. बाहेरून मळकं वाटणारं फूल आतून फिकट पिवळं होतं, लोण्यासारखं. त्या दिवसापासून तिचा हिवाळा बदलला. दहा वर्षांत हेझलखालची सगळी जागा हेलेबोरने भरून गेली.

तिचा नवरा ऑब्री सुतार होता. चाकं, खिडक्या आणि गावातल्या सगळ्या शवपेट्या त्याच्या हातच्या. त्यांना मूल झालं नाही. ऑब्री तोंडाचा तिखट होता, पण मनात काही ठेवणारा नव्हता. बायको चिखलात गुडघे टेकून बसलेली दिसली, की तो कामावरूनच ओरडायचा, "प्रार्थना झाली असेल तर चहा टाक."

अठ्ठावन्न सालच्या जानेवारीत बागकामाच्या साप्ताहिकात मागच्या पानावर तीन ओळींची जाहिरात आली. फिकट पिवळ्या हेलेबोरचा पराग हवा, बदल्यात गडद जांभळ्याचा, जवळजवळ काळ्याचा देऊ. खाली नाव होतं सी. हेडली, ब्रॅकनली हॉल, नॉर्थम्बरलंड. म्हणजे पार वर, स्कॉटलंडच्या वेशीवर. हेस्टरने दोन दिवस विचार केला. तिसऱ्या दिवशी तिने उमलत्या कळ्यांतले पुंकेसर चिमट्याने काढले, चुलीशेजारी बशीत सुकवले, सिगारेटच्या कागदात त्यांची पुडी बांधली, पुडी काडेपेटीत घातली आणि पोस्टात टाकली. आठ दिवसांनी दुसरी काडेपेटी आली. आत तशीच पुडी आणि चार ओळींचं पत्र. पत्रात आभार होते आणि एक प्रश्न होता. पिवळ्या पाकळ्या आणि मध्ये वाइनच्या रंगाचा डाग, असं फूल त्याला पंचवीस वर्षांपासून हवं होतं. दोघांनी मिळून प्रयत्न केला तर?

कथबर्ट हेडली ब्रॅकनली हॉलचा मुख्य माळी होता. चौदाव्या वर्षी कुंड्या धुवायला म्हणून तिथे लागला होता, बायको लग्नानंतर तीनच वर्षांत गेली होती, आणि मग बाग हाच त्याचा संसार. हे सगळं हेस्टरला हळूहळू, पत्रापत्रांतून कळत गेलं.

हेलेबोरच्या कामात घाई चालत नाही. फेब्रुवारीत कुंचल्याने पराग लावायचा, त्या देठाला खुणेची लोकर बांधायची. जूनमध्ये शेंग फुटायच्या आत बी गोळा करायचं आणि ताजंच पेरायचं. ते उगवणार पुढच्या हिवाळ्यात, आणि त्याला पहिलं फूल येणार त्यानंतर दोन-तीन वर्षांनी. तेव्हा कळणार की आपण काय करून ठेवलंय. पहिली खेप एकसष्टमध्ये फुलली, ती भांडी घासलेल्या पाण्याच्या रंगाची. हेस्टरने तसंच लिहून कळवलं. उलट टपाली उत्तर आलं, की माझ्याकडची तुमच्याहून वाईट आहे, जुन्या बँडेजसारखी, म्हणून मीच जिंकलो. आता त्याच भावंडांचा आपसात संकर करू.

ते वाचून हेस्टर मोठ्याने हसली. त्या वर्षी हसू तिच्या घरातून गेलं होतं. आदल्या वसंतात ऑब्रीला अर्धांगाचा झटका आला होता. उजवं अंग गेलं, बोलणं जड झालं. त्याचा पलंग तिने खालच्या खोलीत खिडकीपाशी आणला, म्हणजे त्याला बाग दिसेल आणि तिला तो दिसेल. तेव्हापासून तिचं जग त्या खोलीएवढं झालं. त्याला भरवायचं, पुसायचं, कुशीवर वळवायचं, चादरी उकळायच्या. गावातल्या दुकानापर्यंत जायचं तर शेजारणीला बसवून जावं लागायचं.

या सगळ्यात गुरुवार यायचा. पोस्टमन सकाळी फाटकातून आत आला, की ती हातातली चादर तशीच सोडून दाराशी जायची. हेडलीची पत्रं मोठी होत गेली होती. वाऱ्याला अडवणाऱ्या जुन्या विटांच्या भिंतीच्या पायथ्याशी काय उमललं, बीच वृक्षांखालचा पाला यंदा किती उशिरा कुजला, ओढ्यावरच्या फळीच्या पुलावर खंड्या बसला होता आणि मी खोकलो तरी उडाला नाही. असं सगळं. स्वतःविषयी तो जवळजवळ काहीच लिहीत नसे. पण वाचता वाचता हेस्टर त्या बागेत शिरायची. ऑब्रीला चमच्याने सूप भरवताना ती भिंतीच्या दारातून आत जायची, डावीकडे वळायची, ओढा ओलांडायची. एका हिवाळ्यात तिने भिंतीवर लावायच्या कागदाच्या तुकड्यामागे त्या बागेचा नकाशा काढला. कुठलं झाड कुठे, कुठल्या पायरीची कड तुटलेली, सगळं त्यात आलं.

ऑब्रीला काही कळत नव्हतं असं नाही. "तुझ्या उत्तरेकडच्या नवऱ्याचं पत्र आलं," तो अडखळत म्हणायचा. "काय म्हणतोय? थंडी आहे म्हणतो ना? त्यात काय एवढं, इथे काय जळतंय?" पण पत्र वाचून दाखव म्हणायचा आणि डोळे मिटून ऐकायचा. पुढे पुढे तर डाव्या हाताने चाकू धरून तो रोपांच्या खुणेसाठी लाकडी पट्ट्या कोरायला लागला. अक्षरं वाकडीतिकडी, पण खोल. एकेका पट्टीला दोन दिवस लागायचे.

त्रेसष्टचा हिवाळा दहा आठवडे गोठलेला होता. निम्मी रोपं गेली. ब्रॅकनलीचीही गेली, असं हेडलीने लिहिलं. पुन्हा बी, पुन्हा वाट. सहासष्टमध्ये हेस्टरने त्याच्याकडून आलेल्या परागाने तिसऱ्यांदा संकर केला. त्या वर्षी पुडीत पराग जरा कमीच होता, पण तिला त्याचं विशेष काही वाटलं नाही.

एकोणसत्तरच्या ऑक्टोबरमध्ये ऑब्री गेला. जायच्या चार दिवस आधी त्याने तिला जवळ बोलावलं. "एकदा जाऊन ये," तो म्हणाला. "त्या माणसाला बघून ये. नाहीतर जन्मभर मला बोल लावत बसशील."

"तू नसलास तर कुणाला लावू?" हेस्टर म्हणाली.

"हेच म्हणतोय मी," ऑब्री म्हणाला, आणि त्याच्या तोंडाचा चालता कोपरा थोडा वर गेला.

ती लगेच गेली नाही. नवरा मातीत गेल्यावर महिन्याभरात गाडीत बसायचं, हे तिला पटेना. शिवाय तिला भीतीही वाटत होती. दहा वर्षं एका बागेत ती चोरून फिरत होती, तिथे आता उघड्या डोळ्यांनी जायचं होतं. मग सत्तरच्या फेब्रुवारीत तिसऱ्या खेपेची चाळीस रोपं फुलली. एकोणचाळीस बेताची. चाळिसावं तिने उचललं आणि ती तशीच ओल्यात बसून राहिली. पाकळ्या लोण्यासारख्या पिवळ्या, आणि मध्ये वाइन सांडावी तसा गोल डाग, कडा स्वच्छ. तिने त्याच दिवशी पत्र लिहिलं, पहिल्यांदाच 'मिस्टर हेडली' न लिहिता 'कथबर्ट' असं. आणि शेवटी लिहिलं, की बघायला या.

उत्तरात आनंद भरभरून होता, पण यायचं मात्र जमत नव्हतं. तिने विचारलं, मग मी येऊ का? त्यावर आलं, की रस्ते वाईट आहेत. मग आलं, की हॉलमध्ये दुरुस्ती चाललीय. उन्हाळ्यात आलं, की उन्हाळ्यात इथे बघण्यासारखं काही नसतं. एवढी कारणं ऐकल्यावर दुसरी बाई समजली असती. हेस्टरही समजली, पण चुकीचं. तिला वाटलं, पत्रातली बाई त्याला पुरेशी आहे, समोर त्याला ती नको आहे. त्या वर्षी तिने आरशात स्वतःला जरा जास्तच वेळा पाहिलं. सत्तावन्न वर्षांची, हातांना भेगा पडलेली बाई.

एक हिवाळा तिने असाच काढला. एकाहत्तरच्या फेब्रुवारीत ते झाड पुन्हा फुललं, तेव्हा मात्र तिने कुणाला न सांगता एक फूल देठाजवळ कापलं, ओल्या शेवाळात घालून बिस्किटांच्या डब्यात ठेवलं, चांगला कोट घातला आणि हेरेफर्डहून गाडी धरली. तीन गाड्या बदलून ती संध्याकाळी न्यूकॅसलला पोचली, एका खानावळीत उतरली, आणि दुसऱ्या सकाळी ब्रॅकनलीच्या बसमध्ये बसली.

फाटक तिला ओळखीचं वाटलं. बीचची झाडंही होती. पण भिंत नव्हती. जिथे भिंत असायला हवी होती तिथे डांबराचं मोठं पटांगण होतं आणि त्यावर गाड्या ओळीने लावलेल्या होत्या. ओढा पाइपात घातला होता. हॉलच्या दारावर कुठल्याशा कंपनीची पाटी होती आणि आतून टंकलेखन यंत्रांचा आवाज येत होता. हेस्टर हातात नकाशा धरून उभी राहिली. तिने मोजून पावलं टाकली. ज्या कोपऱ्यात खंड्याचा पूल असायला हवा होता, तिथे कचऱ्याचे डबे होते.

फाटकाशेजारच्या छोट्या घरातून एक म्हातारी शाल ओढत बाहेर आली. तिचं नाव मिसेस डॉड. कुणाला शोधताय म्हणून विचारलं तिने, आणि हेस्टरने नाव सांगताच तिचा चेहरा पडला.

"पेनहोपची पत्रं तुमची होय?" ती म्हणाली. "दर आठवड्याला मीच पुढे पाठवते हो. आत या, अशा उभ्या राहू नका."

मिसेस डॉडने चहा दिला आणि सगळं सांगितलं. चौसष्टमध्येच हॉल विकला गेला होता. नव्या मालकांना माळी नको होता, गाड्या लावायला जागा हवी होती. सत्तेचाळीस वर्षांच्या नोकरीनंतर हेडलीला एक महिन्याची मुदत मिळाली. भिंत पाडायचं यंत्र आलं त्या दिवशी तो कोळशाच्या गाडीत सात कुंड्या घालून घेऊन गेला. आता तो न्यूकॅसल शहरात होता, बारा मजली इमारतीत, चौथ्या मजल्यावर. "मला म्हणाला, पत्ता बदललेला कळवायचा नाहीये," मिसेस डॉड म्हणाली. "मी म्हटलं, का रे बाबा? तर म्हणाला, त्या बाईला जायला दुसरी कुठली बाग नाही."

परतीच्या बसमध्ये हेस्टरला राग आला. आयुष्यात इतका राग तिला फार थोड्या वेळा आला होता. सात वर्षं. भिंतीच्या पायथ्याची फुलं, कुजलेला पाला, नव्याने बसवलेली पायरी. सगळं डांबराखाली. आणि ती वेडी, चादरी पिळता पिळता तिथे फिरत होती. ऑब्री डोळे मिटून ऐकत होता, त्यालाही फसवलं. तरी डबा तिने मांडीवर सांभाळून धरला होता.

चौथ्या मजल्यावर उत्तरेकडे तोंड असलेली लांब गॅलरी होती. ऊन म्हणून कधी येणार नाही अशी. एका दारापुढे भिंतीला लागून सात कुंड्या होत्या. कुंड्या कसल्या, रंगाचे जुने डबे आणि धुराड्याच्या तुटक्या नळ्या. त्यांत हेलेबोर होते, पानं लहान, फुलं मोजकी, पण एकही पान पिवळं नव्हतं. हेस्टरने सवयीने वाकून एक फूल बोटाने उचललं. जवळजवळ काळं. हे तिच्या अर्ध्या बागेचं आजोळ होतं.

दार उघडलं. तिने मनात उंच, रुंद खांद्यांचा माणूस धरला होता. हा तिच्याहून चार बोटं बुटका निघाला. घरात एकटाच होता, तरी टाय लावलेला. त्याने तिच्याकडे पाहिलं, तिच्या बोटावरच्या फुलाकडे पाहिलं.

"डॉडबाईंकडे जाऊन आलात," तो म्हणाला.

"पार्किंगही बघून आले," हेस्टर म्हणाली.

त्याने तिला आत घेतलं. खोली नीटनेटकी होती, थंड होती. त्याने किटली ठेवली, कप काढले, कप बशीत वाजले म्हणून पुन्हा नीट ठेवले. ती बसली नाही. तिने बसमध्ये जे जे ठरवलं होतं ते सगळं बोलायला तोंड उघडलं आणि त्यातलं एवढंच बाहेर आलं.

"मी तिथे रोज जात होते, मिस्टर हेडली. घरात माणूस पडलेला, मला दारापर्यंत जायची सोय नव्हती, आणि मी रोज तिथे जात होते. आणि तिथे कुणी नव्हतंच."

तो चुलीकडे तोंड करून उभा होता. तसाच म्हणाला, "मी होतो ना. मीही रोज तिथेच जात होतो."

किटली शिटी घालायला लागली. त्याने गॅस बंद केला, पण चहा ओतला नाही.

"शहरात आल्यावरच्या पहिल्या पत्रात खरं लिहायला बसलो होतो," तो म्हणाला. "पाडलं म्हणून. दोन ओळी लिहिल्या. मग वाटलं, हे पत्र तिकडे पोचलं की संपलं, मग ती बाग कुठेच नाही. म्हणून लिहिलं की भिंतीखालची फुलली. पुढच्या आठवड्यात पुन्हा तेच. मग सांगणार कसं?"

"खंड्या?" हेस्टरने विचारलं. "तोही खोटाच?"

"खंड्या खरा," तो घाईने म्हणाला. "बासष्ट सालचा आहे तो. त्याची शपथ घेतो."

हेस्टर खुर्चीवर बसली. राग गेला नव्हता, पण त्याला आता धड जागा सापडत नव्हती. समोरचा माणूस तिच्यापेक्षा जास्त भुकेला होता. तिच्याकडे निदान माती होती. तिने डबा टेबलावर ठेवला आणि झाकण उघडलं.

हेलेबोर फुलदाणीत टिकत नाही. हेडलीने खोल बशी आणली, पाणी घातलं आणि फूल तोंड वर करून त्यावर तरंगत ठेवलं. खिशातून भिंग काढलं. किती वेळ तो वाकून पाहत होता कोण जाणे. हेस्टरनेच शेवटी चहा ओतला. त्याने वर पाहिलं तेव्हा त्याचा चष्मा धुरकटलेला होता.

"डागाची कड," तो म्हणाला. "कड स्वच्छ आहे."

"चाळिसातलं एक," हेस्टर म्हणाली.

मग त्याने तव्यावर बेदाण्याचे केक भाजले आणि दोघांनी ते उभ्या उभ्याच, बशीच्या दोन बाजूंना राहून खाल्ले.

निघताना त्याने सातही कुंड्या तिला देऊन टाकल्या. ती नको म्हणाली, तीन तरी ठेवा म्हणाली. त्याने ऐकलं नाही. डब्यात त्यांची मुळं गोल गोल फिरून स्वतःलाच आवळतायत, म्हणाला, आणखी दोन वर्षांत मरतील. त्यांना जमीन पाहिजे. शेजाऱ्याची ढकलगाडी मागून आणून त्याने कुंड्या स्टेशनवर पोचवल्या, सामानाच्या डब्यात स्वतः चढून पोत्यांनी चहूबाजूंनी बांधल्या आणि गार्डला तीनदा बजावलं. गाडी हलली तेव्हा तो फलाटावर रिकाम्या ढकलगाडीला धरून उभा होता. हेस्टरला परतीच्या वाटेभर तेच दिसत राहिलं.

आठवड्याने पत्र आलं. चार ओळींचं, पहिल्या पत्राएवढंच. लागली का, एवढंच विचारलं होतं. हेस्टरने लिहिलं, की सगळी लागली, पण मी सांगते यावर तुम्ही विश्वास का ठेवावा, येऊन बघा.

पुढच्या फेब्रुवारीत तो आला. छोटी थैली, तोच टाय. तीन दिवस राहिला, माडीवरच्या खोलीत. दोघांना एकमेकांशी बोलायला फार अवघड गेलं. पत्रात जे इतकी वर्षं सरसर बोलत होते, ते जेवणाच्या टेबलावर मीठ द्या, पाव घ्या यापलीकडे जाईनात. पण बागेत गेल्यावर तो गुडघ्यांवर बसला आणि एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत तसाच सरकत गेला. एकही फूल त्याने उचलायचं सोडलं नाही. सात काळे हेझलखाली जमिनीत बसले होते आणि नवी पानं काढत होते. त्यांच्यापाशी तो मातीवर तळवा ठेवून थांबला. तीन दिवसांनी बसथांब्यावर टोपी काढून, बरं आहे, म्हणाला आणि गेला.

गेला, आणि हेस्टरला घर मोठं वाटायला लागलं. ऑब्री गेल्यावर घर रिकामं झालं होतं, हे वेगळंच होतं. तीन दिवस कुणीतरी जिना उतरताना खोकलं होतं, तेवढ्याने. ती मार्चमध्ये उगीच माडीवर जाऊन खिडकी उघडून यायची.

त्र्याहत्तरच्या फेब्रुवारीत तो दुसऱ्यांदा आला तेव्हा तिने धीर करून विचारलं. भांडी पुसता पुसता, त्याच्याकडे न बघता. म्हणाली, खोली तर पडूनच आहे. लोक बोलतील ते बोलतील, लोकांना या घळीत यायचा कंटाळा असतो.

हेडलीने टॉवेल घडी करून ठेवला. "सत्तेचाळीस वर्षं मी दुसऱ्याच्या बागेला माझी म्हणत आलो," तो म्हणाला. "आता पुन्हा नाही म्हणवत. रागावू नका."

ती रागावली नाही. तिने त्याला सांगायचं ठरवलं, की ही दुसऱ्याची कशी, अर्धी तर तुमचीच आहे. पण ते तिला सुचलं तेव्हा बस वळणापलीकडे गेली होती. पत्रात लिहिणं तिला बरं वाटेना. चौऱ्याहत्तरमध्येही तो आला, तीन दिवस राहिला आणि गेला. तोंडाने विचारलेलं एकदा नाकारलं गेलं होतं, दुसऱ्यांदा विचारायला तिचं मन धजेना. दर गुरुवारी पत्र येत राहिलं, आणि त्याला लिहायला स्वतःची बाग नसल्यामुळे तो तिच्याच बागेविषयी विचारत राहिला. पायरीजवळचं तिसरं झाड काय म्हणतं? फाटकाशेजारी अजून पाणी साचतं का? हेस्टर प्रत्येक प्रश्नाचं उत्तर आधी बागेत जाऊन, बघून, मगच लिहायची.

त्या वर्षी डिसेंबरच्या मध्यावर ती गावातल्या दुकानातून सामान घेऊन परतली. आभाळ खाली आलं होतं, दुपारी तीनलाच दिवे लागायची वेळ झाली होती. फाटक उघडं दिसलं. दारापाशी पायरीवर छोटी थैली होती. आणि हेझलखाली कुणीतरी तिच्याकडे पाठ करून वाकलं होतं.

डिसेंबरात हेलेबोरच्या बागेत बघण्यासारखं काही नसतं. गेल्या वर्षीची पानं जमिनीवर आडवी पडलेली असतात, चामड्यासारखी, करड्या ठिपक्यांची. ती बुडापासून कापावी लागतात, म्हणजे खालच्या कळ्यांना वर यायला वाट मिळते आणि पानांवरचा रोग फुलांवर उतरत नाही. कंटाळवाणं काम. पाठ धरते, चिकाने हातांची आग होते. फुलं बघायला येणाऱ्या माणसाला ते दिसतसुद्धा नाही.

हेडलीने कोट काढून फांदीला टांगला होता. एक वाफा जवळजवळ साफ झाला होता, पानांचा ढीग शेजारी पडला होता. पावलं ऐकून त्याने मागे न बघताच हातातलं पान उलटं करून दाखवलं.

"यावर काळा डाग पडलाय," तो म्हणाला. "खतात घालू नकोस, जाळून टाकावी लागतील सगळी. दुसरी कात्री आहे का तुझ्याकडे? हिला धार नाही."

सतरा वर्षांत त्याने तिला कधी तू म्हटलं नव्हतं. म्हटल्याचं बहुतेक त्याच्याही ध्यानात आलं नसावं. हेस्टरने हातातली पिशवी तिथेच ठेवली, घरात गेली, कात्री शोधली. कात्री नेहमीच्या खुंटीवर होती, तरी तिला सापडायला वेळ लागला. येताना ती थैलीपाशी थांबली. दरवर्षी आणायचा तीच, तीन दिवसांच्या कपड्यांची. यंदा किती दिवसांची, हे बाहेरून कळायला मार्ग नव्हता, आणि तिने विचारलंही नाही.

तिने त्याला कात्री दिली, त्याची बोथट स्वतः घेतली आणि वाफ्याच्या दुसऱ्या टोकाला गुडघे टेकले. पानांखाली कळ्या होत्या, बोटाच्या पेराएवढ्या, अजून बंद. दोघं आपापल्या टोकाकडून कापत आली. अंधार पडेपर्यंत दोन वाफे झाले. सहा उरले होते. हेस्टरने हात जरा सावकाशच चालवला.